हप्त्याला पावसाळा नसतो

पत्र:

ताई, मी रायबंदरचा. वय 34. मुंबईत एका वित्त कंपनीच्या कर्जविभागात नऊ वर्षं काढली आणि तीन वर्षांपूर्वी घरी परतलो. आता पणजीत माझं छोटं ऑफिस आहे. म्युच्युअल फंड, विमा, गृहकर्जाची कागदपत्रं अशी कामं. दीडशेच्या आसपास कुटुंबं माझ्याकडे येतात, महिन्याला सरासरी एक लाख दहा हजार सुटतात. दोन वर्षांपूर्वी शिडाची बोट चालवायला शिकलो आणि तेव्हापासून ऑफिसात जीव रमत नाही. एक 32 फुटी जुनी बोट 28 लाखांना मिळते आहे. 10 लाख माझे. 8 लाख बाबा मुदत ठेवी मोडून देतो म्हणतात, ते निवृत्त शिक्षक आहेत. उरलेले 10 लाख माझे चार ग्राहक बारा टक्क्यांनी द्यायला तयार आहेत. ऑफिस बंद करून पूर्णवेळ पर्यटकांना शिडाच्या सफरी द्यायच्या असं ठरवत आलोय. आठ महिन्यांत 200 सफरी, सफरीला नऊ हजार धरलेत. स्टीव्ह फॉसेट या अमेरिकन साहसवीराबद्दल वाचलं, बाजार सोडून तो दर्यावर गेला आणि जगभर नाव कमावलं. बायको म्हणते, थांब. उडी मारू का?
– दर्यावेडा, रायबंदर

उत्तर:

बाबा रे, तुझं पत्र मी तीनदा वाचलं. पहिल्यांदा वाचलं तेव्हा आनंद झाला. रायबंदरच्या घाटावर उभं राहून चोडणची फेरीबोट बघत मोठा झालेला मुलगा शिडाच्या मागे लागतो, यात मला वेड काही दिसत नाही. दुसऱ्यांदा वाचलं ते बँकेत कर्ज मंजूर करणाऱ्या बाईच्या डोळ्यांनी, कारण सत्तावीस वर्षं मी तेच केलं. तिसऱ्यांदा वाचलं तेव्हा मला माझा दादा आठवला. त्याची गोष्ट आधी सांगते.

दादाने माझ्या लग्नानंतर दोन वर्षांनी मालीमच्या जेटीवर एक जुना ट्रॉलर घेतला. कर्ज एका बँकेचं, तारण आमचं घर. हप्ता दर महिन्याच्या पाच तारखेला. कागद करताना कुणीच विचारलं नाही की जून-जुलैत मासेमारी बंद असते तेव्हा हा माणूस हप्ता कुठून भरणार. बँकेने विचारलं नाही, दादाने नाही, आणि मी स्वतः बँकेत असून मीही नाही. हे मला अजून टोचतं.

तिसऱ्या वर्षी मेच्या अखेरीस नैर्ऋत्येकडून आभाळ काळवंडून आलं होतं. आग्वादच्या तोंडाशी, मांडवी समुद्राला मिळते तिथल्या वाळूच्या दांड्यावर लाटा फुटायला लागल्या होत्या. तांडेल, म्हणजे ट्रॉलर चालवणारा, जेटीवरच बसून राहिला. म्हणाला, "पात्रांव, आयज नाका." मालक, आज नको. तीस वर्षं दर्यावर काढलेला माणूस. दादालाही आभाळ दिसत होतंच. पण पुढे दोन महिने बंदी, आधीचे दोन हप्ते थकलेले आणि पाच तारीख सहा दिवसांवर. तो गेला. रात्री जाळं तुटून गेलं, इंजिनात पाणी शिरलं, आणि दुसऱ्या दिवशी दुपारी दुसऱ्या ट्रॉलरने त्यांना ओढून आणलं. माणसं सगळी परत आली, देवाची कृपा. दादा घरी आला तेव्हा त्याच्या दोन्ही तळहातांची साल दोरखंडाने निघाली होती आणि आईने भाताची पेज चमच्याने भरवली. त्या पावसाळ्यात आईच्या पाटल्या गेल्या.

दादा चुकीचा धंदा करत होता असं मी कधीच म्हणणार नाही. मासळीची त्याला जाण होती, तांडेल उत्तम होता, ट्रॉलरही बरा होता. चुकलं ते एवढंच की त्याच्या कर्जात परत फिरायला जागा नव्हती. दर्यावरचा कुठलाही शहाणा माणूस आभाळ बघून परत फिरतो. दादाच्या हप्त्याने त्याला परत फिरू दिलं नाही.

आता तुझ्या फॉसेटकडे येते. तू त्याची गोष्ट अर्धी वाचली आहेस आणि उरलेली अर्धी तुझ्या जास्त कामाची आहे. तो बाजार सोडून दर्यावर गेला, हे खरं नाही. सत्तरच्या दशकात त्याने वायदे बाजारात दलाल म्हणून सुरुवात केली आणि 1980 मध्ये शिकागोत लकोटा ट्रेडिंग ही कंपनी काढली. ही कंपनी काय करायची ते नीट बघ. त्या काळी एक्स्चेंजच्या फ्लोअरवर उभं राहून सौदे करायचे तर सदस्यत्व लागायचं, त्याला सीट म्हणत. ती सीट महाग. होतकरू पोराकडे हुशारी असायची, पण सीट विकत घ्यायचे पैसे नसायचे. फॉसेटच्या कंपनीकडून त्याला सीट भाड्याने मिळायची. पोरगा त्या महिन्यात कमावो की बुडो, भाडं ठरलेलं. फॉसेट स्वतःही सौदे करत होता, पण समुद्रावर आणि आकाशात असताना घर चालायचं ते अशा कंटाळवाण्या, न चुकता येणाऱ्या पैशावर. अशी कमाई बसली आणि मग त्याचे विक्रम आले. 2004 मध्ये शायेन नावाच्या 125 फुटी कॅटामरानवर, म्हणजे जोडतळाच्या शिडाच्या बोटीवर, तेरा जणांच्या चमूने 58 दिवस 9 तासांत पृथ्वीप्रदक्षिणा केली, तेव्हा लकोटाला चोवीस वर्षं झाली होती.

आणि तो किती वेळा परत फिरला हे तुला कुणी सांगितलं का? इंग्लिश खाडी तो पोहून पार करू शकला ते चौथ्या प्रयत्नात, 1985 मध्ये. एकट्याने बलूनमधून पृथ्वीप्रदक्षिणा 2002 मध्ये झाली, ती सहाव्या प्रयत्नात. आधीच्यांपैकी एक, जानेवारी 1997 चा, आपल्याच देशात संपला. अमेरिकेतल्या सेंट लुईसहून निघालेला हा माणूस उत्तर प्रदेशात सुलतानपूरजवळच्या एका गावात उतरला, कारण इंधन पुरणार नव्हतं. उतरला, घरी गेला आणि पुढच्या तयारीला लागला. इंधन पुरत नाही म्हटल्यावर खाली उतरणं त्याला परवडत होतं. उतरलास तर घर जप्त, असं सांगणारा सावकार त्याच्या मागे उभा नव्हता. 2007 मध्ये तो छोट्या विमानात एकटाच गेला आणि अपघातात वारला, हेही तुला माहीत असावं. धोका त्याने आयुष्यभर घेतला, पण तो कधी सुरू करायचा आणि कधी थांबवायचा हे त्याचं तो ठरवत होता.

त्याच्या अगदी उलट गोष्ट इंग्लंडच्या डोनाल्ड क्रोहर्स्टची. तोही उद्योजक. बोटींना दिशा दाखवणारं एक रेडिओ यंत्र तो बनवून विकायचा आणि धंदा अडचणीत आला होता. 1968 मध्ये एकट्याने, न थांबता जगप्रदक्षिणा करायची शर्यत जाहीर झाली. जिंकलो तर धंदा वाचेल असं त्याला वाटलं. बोट बांधायला पैसे एका गुंतवणूकदाराने दिले, पण अट अशी की मोहीम सोडली तर बोटीच्या खर्चाचा बोजा क्रोहर्स्टवर, आणि कंपनी आणि राहतं घर दोन्ही गहाण. निघायची शेवटची मुदत 31 ऑक्टोबर होती, त्याच दिवशी तो अर्धवट तयार बोट घेऊन निघाला. बोटीत पाणी येतंय हे त्याला पहिल्या काही आठवड्यांतच कळलं. त्याने वहीत सगळा हिशेब मांडला: पुढे गेलो तर काय, परत फिरलो तर काय. दक्षिणेच्या महासागरात ही बोट टिकायची नाही, हे त्याने स्वतःच्या हाताने लिहिलं. आणि परत फिरला नाही. अटलांटिकमध्येच भटकत राहिला आणि रेडिओवरून खोटी ठिकाणं कळवत राहिला. जुलै 1969 मध्ये त्याची रिकामी बोट सापडली. मागे बायको आणि चार मुलं.

त्याच शर्यतीत जिंकलेला रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन, ज्याची सुहैली बोट आपल्या मुंबईत सागवानाची बांधलेली होती, त्याने बक्षिसाचे 5,000 पौंड क्रोहर्स्टच्या कुटुंबाला दिले. पुढे याच नॉक्स-जॉन्स्टनने शिडाच्या बोटींवर धंदा उभा केला, तोही बघण्यासारखा आहे. क्लिपर रेसमध्ये तो हौशी माणसांना आधी शिकवतो आणि मग जगप्रदक्षिणेच्या बोटीवर जागा विकतो. लोक पैसे मोजतात ते शिकायला मिळतं म्हणून. यावर पुढे येते.

तर तुझी बोट. कागद-पेन घे, तू कर्जविभागातला माणूस आहेस, हे तुला माझ्यापेक्षा लवकर कळेल. तू 200 सफरी धरल्यास, म्हणजे 18 लाख. त्यातला सफरींचा आकडा मी कापते. ऑक्टोबर ते मे म्हणजे 240 दिवस. सकाळी मतलई वारा दहा-साडेदहाला पडतो, मग पाणी आरशासारखं. खारा वारा भरतो दुपारनंतर. म्हणजे शिडावर चालणारी खरी सफर दिवसाला एक, सूर्यास्ताची. त्यातून पर्यटक नसलेले दिवस, रद्द झालेल्या बुकिंग, दुरुस्तीत गेलेला आठवडा. पहिल्या वर्षी 100 सफरी झाल्या तरी मी तुझं कौतुक करेन. 100 सफरी म्हणजे 9 लाख. हॉटेलवाला आणि एजंट वीस टक्के घेणार, 1 लाख 80 हजार. तुझ्याबरोबर दोन माणसं लागतील आणि चांगला खलाशी चार महिने घरी बसवून ऑक्टोबरात परत येत नाही, म्हणून पगार बारा महिन्यांचा: वीस हजारांनी 4 लाख 80 हजार. बोटवाले ढोबळमानाने बोटीच्या किमतीच्या दहा टक्के वर्षाची देखभाल धरतात, म्हणजे 2 लाख 80 हजार. इथेच 9 लाख 40 हजार झाले. ग्राहकांचं व्याज 1 लाख 20 हजार अजून दिलं नाही. विमा नाही, डिझेल नाही, तुझा स्वतःचा पगार नाही. आणि ऑफिस तू बंद केलेलं.

या आकड्यांत मी चूक असू शकते, तर तू तुझे मांड. पण जूनचा रकाना रिकामा ठेवू नकोस.

ग्राहकांच्या पैशाबद्दल मात्र मी हिशेबही मांडणार नाही. ते दहा लाख घेऊ नकोस. एक तर 2019 चा अनियंत्रित ठेव योजनांवर बंदी घालणारा कायदा आहे. नातेवाइकाकडून घेतलेलं कर्ज तो वेगळं धरतो, पण ठरावीक परताव्याच्या बोलीवर चार बाहेरच्या लोकांकडून धंद्यासाठी पैसे गोळा केलेस तर तू त्याच्या कचाट्यात येऊ शकतोस, एखाद्या वकिलाला आधी विचार. आणि कायदा बाजूला ठेवला तरी, ही माणसं तुझ्याकडे का येतात? मुलीच्या शिक्षणाचे पैसे कुठे ठेवू, निवृत्तीचे कुठे ठेवू, हे तू त्यांना तुझ्या फायद्याकडे न बघता सांगतोस म्हणून. ज्या दिवशी तू त्यांच्यासमोर तुझी स्वतःची बोट गुंतवणूक म्हणून ठेवशील, त्या दिवशी त्या खुर्चीत सल्लागार उरत नाही. चारांपैकी एकाचं व्याज एक महिना थकलं की दीडशे घरांत बातमी जाईल. रायबंदर ते पणजी किती लांब आहे ते तुला ठाऊक आहे.

बाबांच्या ठेवीही राहू देत. ते देतील, कारण बाप आहेत. तू त्यांना नको म्हणायला हवंस. त्यांच्या औषधांचा, घराच्या कौलांचा खर्च त्यांच्या व्याजातून निघतो.

आणि ऑफिस बंद करू नकोस. हे मी सावधगिरी म्हणून सांगत नाही, फॉसेटकडे बघून सांगते. त्याच्या सीटचं भाडं जे होतं, ते तुझ्याकडे म्युच्युअल फंडाचं ट्रेल कमिशन आहे. ग्राहकाचे पैसे फंडात आहेत तोवर येत राहतं, तू ऑफिसात असलास काय आणि आग्वादच्या बाहेर असलास काय. आज तुझ्या एक लाख दहा हजारांत ट्रेल किती आणि कर्जाच्या एकदाच मिळणाऱ्या दलालीचं किती? तू ते लिहिलं नाहीस आणि माझ्या मते तुझ्या पत्रातला सगळ्यात महत्त्वाचा आकडा तोच आहे. नुसत्या ट्रेलवर घरखर्च भागायला लागला की तुझे आठवड्यातले तीन दिवस मोकळे. पुढची दोन-तीन वर्षं त्यावर घाल. एखादी विश्वासू मुलगी ऑफिसात नेम, कागदपत्रांचं काम तिच्याकडे दे. कंटाळवाणं आहे, मान्य. पण तुझ्या शिडाला वारा तिथून मिळणार आहे.

तोवर दर्यापासून दूर बस असं मी सांगत नाही. उलट या हंगामात दुसऱ्याच्या बोटीवर काम कर, पैसे कमी मिळाले तरी चालतील. पर्यटकाला उलटी झाली, लहान मूल डेकवर धावायला लागलं, वारा अचानक चढला आणि शीड अर्धं आवरायचं आहे, हे सगळं एकदम होतं तेव्हा तुझं काय होतं ते कळेल. शिकवण्याचं सर्टिफिकेट घे. मुलांसाठीची ऑप्टिमिस्ट नावाची छोटी डिंगी असते, आठ फुटांपेक्षाही लहान, दोन माणसं उचलून पाण्यात ठेवतात. अशा दोन-तीन जुन्या डिंग्या आणि शनिवार-रविवारची सकाळ, एवढ्यावर शिकवणीचा वर्ग सुरू होऊ शकतो. परवानगीचं आणि कुठल्या पाण्यात चालवायचं त्याचं बंदर कप्तान खात्यात विचारून घे. पावसाळ्यात डिंगी भिंतीला टेकवून ठेवायची, तिला खलाशी लागत नाही. नॉक्स-जॉन्स्टनचं सांगितलं ते यासाठी. सफर विकणाऱ्यांची किनाऱ्यावर गर्दी आहे, शिकवणारे फार थोडे.

आणि आपल्याकडे या कामाला लागणारी चिकाटी बघायची तर लांब जायला नको. रायबंदरहून नदीपलीकडे दिवाडीला बघ. रत्नाकर दांडेकरांच्या तिथल्या बोटयार्डात म्हादई बांधली गेली, आपल्या मांडवीचंच दुसरं नाव तिला. 2009 च्या फेब्रुवारीत ती नौदलाला मिळाली. एका भारतीयाने शिडाच्या बोटीतून एकट्याने जगप्रदक्षिणा करावी, ही व्हाइस ॲडमिरल मनोहर आवटींनी मनात धरलेली मोहीम, आणि ती पत्करली नौदल अधिकारी दिलीप दोंदे यांनी. 2006 मध्ये त्यांनी नाव दिलं, पण मुंबईहून एकट्याने निघाले 2009 च्या ऑगस्टमध्ये. मधली तीन वर्षं ते शिकत होते आणि बोट बांधून घेत होते. मग 2010 च्या मेमध्ये एकट्याने जगप्रदक्षिणा करून परतलेले पहिले भारतीय ठरले, वाटेत चार बंदरं घेऊन. त्याच यार्डातल्या तारिणीवर सहा नौदल अधिकारी मुली 10 सप्टेंबर 2017 ला गोव्यातूनच निघाल्या आणि 21 मे 2018 ला गोव्यात परतल्या. तू त्या सुमारास मुंबईत होतास. मी इकडे होते, आणि टीव्हीवर ती शिडं आत येताना बघून मला रडू आलं होतं.

एवढं करूनही दोन-तीन वर्षांनी बोट घ्यायचीच असेल तर घे, मी अडवणार नाही. पण आधी सर्व्हेअरकडून तपासून घे आणि बोट पाण्याबाहेर काढून तपास, पाण्यात तरंगताना नाही. जुन्या फायबरमध्ये पाणी मुरलेलं असतं, वरून रंग ताजा दिसतो. डोलकाठीला धरणाऱ्या पोलादी तारा किती वर्षांच्या आहेत ते विचार. शिडं उन्हाने कुजलेली असतील तर नवी शिडं किमतीतून वजा कर. कर्ज घेतलंस तर पीककर्जासारखं माग: हप्ते ऑक्टोबर ते मे, पावसाळ्यात फक्त व्याज. बँक नाही म्हणेल, मी सत्तावीस वर्षं आतून बघितलंय, पहिल्यांदा नाहीच म्हणते. दुसरी बघ. आणि राहतं घर तारण ठेवू नकोस, कुणी कितीही कमी व्याज सांगितलं तरी.

बायको थांब म्हणते, ती कशाला म्हणते ते विचारलंस का? तुझ्या पत्रात तिच्या वाट्याला एकच वाक्य आलंय. तिला समुद्राची भीती वाटते की जूनची, हे दोन वेगळे प्रश्न आहेत आणि त्यांची उत्तरंही वेगळी. तिच्याबरोबर हाच हिशेब पुन्हा मांड, पेन तिच्या हातात दे.

काल दादाला तुझं पत्र वाचून दाखवलं. ट्रॉलर त्याने कधीच विकला, आता तो मालीमला दुसऱ्यांची इंजिनं दुरुस्त करतो. तुझ्या 32 फुटी बोटीबद्दल त्याने बरंच विचारलं, कुठे उभी आहे, किती वर्षं पाण्यात आहे. म्हणाला, मेच्या शेवटी बोटी वर काढायला लागतात, तेव्हा त्याला सकाळी सातच्या आत जेटीवर ये म्हणावं. तळ कसा बघायचा ते दाखवतो.